मास्क, पिस्तूल आणि परवाना: अमेरिकेतल्या मराठी माणसाने या चुका टाळाव्यात

२०२०च्या उन्हाळ्यात अमेरिकेत एक मजकूर जोरात फिरत होता: परवाना असला तरी मास्क लावून कमरेला पिस्तूल बाळगलं, तर तो फेलनी, म्हणजे गंभीर गुन्हा. लगोलग उलटा मजकूरही आला: ही निव्वळ अफवा, असा कायदाच नाही, बिनधास्त राहा. दोन्ही मजकूर पन्नास राज्यांना एकाच मापाने मोजत होते आणि म्हणून दोन्ही चुकीचे होते. कोरोनाची साथ ओसरली, पण मास्क गेले नाहीत. केमोथेरपी चालू असलेले आहेत, घरात म्हातारे आईवडील असलेले आहेत, वणव्याच्या धुराने खोकणारे आहेत. आणि लपवून शस्त्र बाळगण्याचा परवाना घेतलेली आपली माणसंही आता बरीच दिसतात. त्यामुळे हा विषय अजून जिवंत आहे आणि त्यातल्या चुका महागात पडणाऱ्या आहेत.

परवानाधारकाने मास्क लावू नये, असा केंद्रीय कायदा नाही. जे काही आहे ते राज्यांच्या कायद्यांत आहे. बहुतेक राज्यांत प्रश्न एकच विचारला जातो: चेहरा कशासाठी झाकला होता? पण ‘बहुतेक’ म्हणजे ‘सगळी’ नव्हेत.

चूक: ‘मास्क आणि बंदूक एकत्र आणणारा कायदाच नाही’ असं मानणं

इलिनॉयमध्ये आहे. तिथल्या फौजदारी संहितेच्या कलम २४-१ मध्ये शस्त्रांच्या बेकायदा वापराचे प्रकार ओळीने दिले आहेत. त्यातला नववा प्रकार असा: ओळख लपेल अशा रीतीने हूड, झगा किंवा मास्क घातलेल्या माणसाने अंगावर, अंगालगत किंवा गाडीत पिस्तूल, रिव्हॉल्व्हर, इतर बंदूक, स्टन गन किंवा टेझर ठेवणं. हा चौथ्या वर्गाचा फेलनी आहे आणि त्याला एक ते तीन वर्षांची कैद होऊ शकते.

या वाक्यातल्या दोन गोष्टी नीट वाचा. पहिली, त्यात ‘गाडीत’ असंही म्हटलं आहे. पिस्तूल कमरेलाच असायला हवं असं नाही, डॅशबोर्डच्या कप्प्यात असलं तरी हा गुन्हा लागू होतो. दुसरी, ‘ओळख लपवण्याच्या हेतूने’ असे शब्द तिथे नाहीत, ‘ओळख लपेल अशा रीतीने’ असे आहेत. इतर अनेक राज्यांच्या कायद्यांत हेतू हा शब्द स्पष्ट लिहिलेला असतो. इथे वकिलाला तो मुद्दा झगडून मांडावा लागेल.

मे २०२०पासून इलिनॉयमध्ये मास्क सक्तीचा झाला तेव्हा परवानाधारक साहजिकच गोंधळले. आजारापासून बचावासाठी मास्क लावणं आणि परवान्याने शस्त्र बाळगणं या दोन गोष्टी एकाच वेळी करता येतात, असा दिलासा तेव्हा राज्य पोलिसांकडून मिळाला. तो योग्यच होता, कारण एक सरकारी आदेश पाळल्याबद्दल दुसऱ्या कायद्याखाली पकडणं अन्यायाचं झालं असतं. पण पोलिसांचा खुलासा म्हणजे कायद्यातला बदल नव्हे. साधा निळा सर्जिकल मास्क लावून किराणा आणायला गेलेल्या परवानाधारकावर कोणी खटला भरेल असं मला वाटत नाही. मात्र त्याच मास्कवर हूड ओढलेला, काळा गॉगल चढवलेला आणि गाडीत पिस्तूल, असं चित्र असेल तर ‘कोणत्या रीतीने’ हा प्रश्न आपल्या विरुद्ध जाऊ शकतो. शिकागोकडच्या मंडळींनी हे मनावर घ्यावं.

चूक: २०२०ची सवलत अजून चालू आहे असं समजणं

माझ्या मते सगळ्यात जास्त लोक इथेच फसतात.

जॉर्जियाचा मास्कविरोधी कायदा १९५१चा. तो कू क्लक्स क्लॅन या गोऱ्या वर्णद्वेष्ट्यांच्या, चेहरा झाकून दहशत माजवणाऱ्या संघटनेच्या टोप्या उतरवण्यासाठी आला होता. व्हर्जिनिया आणि नॉर्थ कॅरोलिनाचे कायदेही त्याच काळातले आणि त्याच कारणाचे. हे कायदे जुनाट म्हणून हसण्यावारी नेऊ नयेत. चेहरा झाकून कृष्णवर्णीयांच्या दारात क्रॉस जाळणाऱ्यांना ओळखता यावं, यासाठी ते झाले, आणि त्यांनी ज्यांना संरक्षण दिलं त्यांत आपल्यासारखे सावळे लोकही येतात. १९९०मध्ये जॉर्जियाच्या सर्वोच्च न्यायालयासमोर लॉरेन्सव्हिलच्या कोर्टाच्या चौकात क्लॅनचा पोशाख आणि मुखवटा घालून उभ्या राहिलेल्या माणसाचा खटला आला. न्यायालयाने कायदा टिकवला, पण त्याची कक्षाही आखली: ओळख लपवण्याचा हेतू हवा आणि समोरच्याला धाक किंवा हिंसेची रास्त भीती वाटेल याची मास्क लावणाऱ्याला जाणीव हवी, किंवा ती असायला हवी होती असं दिसायला हवं.

एप्रिल २०२०मध्ये गव्हर्नर ब्रायन केम्प यांनी साथीसाठी मास्क लावणाऱ्यांपुरती या कायद्याची अंमलबजावणी आदेशाने थांबवली. जॉर्जियातली ती आरोग्य आणीबाणी १ जुलै २०२१ला संपली. आज अटलांटात आजारपणामुळे मास्क लावणाऱ्याला आधार आहे तो न्यायालयाने आखलेल्या त्या कक्षेचा, त्या आदेशाचा नाही. दरम्यान एप्रिल २०२२मध्ये जॉर्जियात परवान्याविना शस्त्र बाळगण्याची मुभा देणारा कायदाही आला, त्यामुळे ‘आता काहीच बंधन नाही’ असा समज पसरला. मास्कचा कायदा मात्र होता तिथेच आहे.

व्हर्जिनियात प्रकरण अधिक कडक आहे. ओळख लपवण्याच्या हेतूने सार्वजनिक ठिकाणी चेहऱ्याचा मोठा भाग झाकणं हा तिथे सोळा वर्षांवरील व्यक्तीसाठी सहाव्या वर्गाचा फेलनी आहे. त्याला पाच वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. वैद्यकीय कारणाची सूट आहे, पण तिच्या अटी पाहा: डॉक्टरांचा सल्ला हवा, त्यांचं प्रतिज्ञापत्र अंगावर बाळगायला हवं, आणि त्यात मास्कची गरज का आहे, ती कोणत्या तारखेपर्यंत आहे आणि मास्क कसा आहे हे लिहिलेलं हवं. गव्हर्नरांनी आरोग्य आणीबाणी जाहीर करून हे कलम स्पष्टपणे शिथिल केलं तरच या कागदाशिवाय त्या सवलतीचा आधार मिळतो. साध्या मास्कसाठी हेतूच सिद्ध होणार नाही हे खरं. तरीही ॲशबर्न-हर्नडनकडे कोणी केमोच्या काळात मास्क लावत असेल आणि शस्त्रही बाळगत असेल, तर डॉक्टरांकडून तो कागद करून पाकिटात ठेवावा. डॉक्टर देतात, मागायची लाज वाटायचं कारण नाही.

नॉर्थ कॅरोलिनाने जून २०२४मध्ये गव्हर्नर रॉय कूपर यांचा नकाराधिकार डावलून कायदा बदलला. आता तिथे सांसर्गिक आजार पसरू नये म्हणून वैद्यकीय किंवा सर्जिकल दर्जाचा मास्क चालतो. पोलिसांनी सांगितलं तर तो काढावा लागतो आणि जागेच्या मालकाने ओळख पटवण्यासाठी विचारलं तर तात्पुरता खाली करावा लागतो. मास्क लावून दुसरा गुन्हा केला तर त्या गुन्ह्याची शिक्षा एक पायरी वाढते.

न्यूयॉर्कची गोष्ट थोडक्यात. जमीनदारांविरुद्ध वेषांतर करून लढणाऱ्या कुळांना आवरण्यासाठी १८४५मध्ये आलेला मास्कविरोधी कायदा राज्याने २०२०मध्ये रद्द केला. पण ऑगस्ट २०२४मध्ये लाँग आयलंडवरच्या नासाऊ काउंटीने स्वतःचा कायदा आणला, आरोग्य आणि धर्माची सूट ठेवून. म्हणजे नुसतं राज्य पाहून भागत नाही, काउंटीही पाहावी लागते.

चूक: कोणताही कपडा म्हणजे मास्क

कवटी छापलेला अर्धा मास्क, बालाक्लाव्हा म्हणजे डोळे सोडून सगळं डोकं झाकणारी टोपी, नाकापर्यंत ओढलेला गळपट्टा. फॅशन म्हणून ठीक असेल, पण कमरेला पिस्तूल असताना यांपैकी काहीही नको. नॉर्थ कॅरोलिनाच्या नव्या सवलतीत कापडी गळपट्टा बसणारच नाही. इतरत्रही ‘आजारासाठी लावला’ हे म्हणणं सर्जिकल किंवा एन-९५ मास्कसोबत सहज पटतं, कवटीच्या मास्कसोबत पटत नाही. मिशिगनच्या थंडीत बर्फ उपसताना चेहरा झाकला तर तिथला कायदा आड येत नाही, कारण तो गुन्हा करायला सोपं जावं म्हणून चेहरा झाकणाऱ्यापुरता आहे. तरीही बर्फ उपसून तसंच बँकेत शिरू नये. दारातच मास्क खाली करून चेहरा दाखवावा आणि मग आत जावं.

चूक: मास्क लागतो तिथेच पिस्तूल नेणं

आज मास्क सर्वांत जास्त लागतो तो हॉस्पिटलात आणि नर्सिंग होममध्ये. इलिनॉयमध्ये याच जागा परवानाधारकालाही बंद आहेत, शिवाय शाळा, वाचनालयं, बस आणि लोकल गाड्याही. पार्किंगमध्ये लॉक केलेल्या गाडीत, बाहेरून दिसणार नाही असं पेटीत पिस्तूल ठेवायची मुभा कायदा देतो. आता वरचं कलम आठवा. आईला डायलिसिसला सोडून माणूस परत गाडीत बसतो, पिस्तूल पेटीतून काढून कमरेला लावतो, मास्क तोंडावर तसाच, डोक्यावर थंडीचा हूड, आणि गाडी रस्त्याला लागते. यातली प्रत्येक गोष्ट निरुपद्रवी आहे, पण पोलिसाला काचेतून दिसणारं चित्र तसं नाही. म्हणून क्रम ठरवून घ्या: गाडीत बसलात की आधी मास्क काढायचा, हूड मागे टाकायचा, मग बाकीचं.

पोलिसांनी थांबवलं तर

गाडी बाजूला घ्या, आतला दिवा लावा, दोन्ही हात स्टिअरिंगवर ठेवा. मास्क काढायचा म्हणून हात झटकन वर नेऊ नका आणि परवान्यासाठी कमरेकडे तर मुळीच नेऊ नका. आधी बोला: “सर, मी मास्क खाली करू का?” अधिकारी हो म्हणाले की एका हाताने, सावकाश.

शस्त्र आहे हे कधी सांगायचं, हे राज्यावर अवलंबून आहे. मिशिगन आणि नॉर्थ कॅरोलिनात परवानाधारकाने स्वतःहून सांगणं बंधनकारक आहे. इलिनॉयमध्ये विचारल्यावर सांगावं लागतं. माझं मत विचाराल तर मास्क असताना सगळीकडेच आधी सांगून मोकळं व्हावं, शांत आवाजात, ‘बंदूक’ हा शब्द वाक्याच्या सुरुवातीला न आणता: “माझ्याकडे कन्सील्ड कॅरी परवाना आहे आणि आत्ता मी शस्त्र बाळगून आहे. मी काय करू?” मास्कमुळे आवाज दबतो, म्हणून सावकाश आणि स्पष्ट बोला.

दुकानदाराने मास्क काढायला सांगितलं तर काढा किंवा दुकानातून बाहेर पडा. हक्काची भाषा तिथे बोलू नका. जागा त्याची आहे. अशा वादात जॅकेट वर सरकून पिस्तूल दिसलं, तर साधा मतभेद धमकावल्याच्या आरोपापर्यंत जातो.

सर्वांत मोठी चूक: आपला इमिग्रेशनचा दर्जा विसरणं

एच-वन-बी, एल-वन, एफ-वन, एच-फोर, किंवा मुलांकडे आलेल्या आईवडिलांचा व्हिजिटर व्हिसा हे सगळे नॉन-इमिग्रंट, म्हणजे तात्पुरत्या मुक्कामाचे दर्जे आहेत. अशा व्यक्तीने बंदूक किंवा काडतुसं बाळगणं केंद्रीय कायद्याने गुन्हा आहे. काही मोजके अपवाद आहेत, त्यात वैध शिकारीचा परवाना हा नेहमीचा. मित्रांसोबत शूटिंग रेंजवर जाऊन भाड्याची बंदूक हातात घेणं हेही बाळगणंच ठरतं. राज्यात परवान्याविना शस्त्र बाळगायची मुभा असली तरी या बंदीवर तिचा परिणाम होत नाही. या मंडळींसाठी मास्कचा प्रश्न येतच नाही. पिस्तूल नको, एवढंच.

ग्रीन कार्डधारकाला बंदूक बाळगता येते, परवानाही मिळतो. पण इमिग्रेशन कायद्यात एक वेगळं कलम आहे: कायदा मोडून बंदूक बाळगल्याबद्दल दोषी ठरलेली परदेशी व्यक्ती देशातून काढली जाऊ शकते. कार्ड कितीही जुनं असो, मुलं इथे जन्मलेली असोत. इलिनॉयच्या त्या नवव्या प्रकाराखाली शिक्षा झाली तर हे कलम पुढ्यात येऊन उभं राहतं. शिवाय वर्षाहून जास्त कैदेची तरतूद असलेल्या गुन्ह्यात दोषी ठरल्यावर बंदूक बाळगण्याचा हक्कही जातो, प्रत्यक्षात एक दिवसही तुरुंगात काढला नाही तरी.

म्हणूनच “गुन्हा कबूल करा, दंड भरा, घरी जा” अशी तडजोड सरकारी वकिलाकडून आली तर लगेच सही करू नका. २०१०मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने पडिया विरुद्ध केंटकी या खटल्यात ठरवलं आहे की, कबुली देण्यापूर्वी हद्दपारीचा धोका परदेशी अशिलाला समजावून सांगणं हे बचाव पक्षाच्या वकिलाचं कर्तव्य आहे. त्याला सरळ विचारा: या कबुलीचा माझ्या ग्रीन कार्डावर आणि पुढच्या नागरिकत्वाच्या अर्जावर काय परिणाम होईल, हे मला लेखी द्याल का? उत्तर गुळमुळीत आलं तर पुढची तारीख मागून घ्या आणि त्या तारखेच्या आत इमिग्रेशनच्या वकिलाला आरोपपत्र दाखवा.