शेतात मीठ फुटलंय? जिप्समची पोती उतरवण्याआधी या चुका टाळा

माघ-फाल्गुनात भल्या सकाळी कृष्णाकाठच्या एखाद्या सखल वावरात जाऊन उभं राहा. सरीच्या माथ्यावर पिठीसाखरेसारखा पांढरा थर दिसतो. पाय टाकला की माती भुसभुशीत दबते. बांधाकडेला कमरेएवढा असलेला ऊस दहा पावलं आत गेलं की गुडघ्यालाही लागत नाही. अशाच एका दोन एकरांच्या तुकड्यात माझ्या वडिलांनी एकरी साठ टन ऊस काढलेला मी पाहिला आहे. पुढे त्याच तुकड्यात आम्ही वर्षानुवर्षं पैसे ओतले आणि बहुतेक उपाय उलट्या क्रमानं केले. वाळवा, मिरज, पलूस, शिरोळ, हातकणंगले या पट्ट्यात अशा जमिनी गावोगाव आहेत, नीरेच्या कालव्यावर बारामती-फलटणकडेही आहेत. जिप्सम, शेणखत, ताग, पाईप ही सगळी नावं आता प्रत्येकाला पाठ आहेत. घोळ होतो तो आधी काय आणि मग काय यात.

मुळात मीठ येतं कुठून

नदीचं पाणी गोड, पाऊस गोड, तरी शेत खारट कसं? आपली काळी माती बेसाल्ट खडक झिजून झालेली. त्या झिजण्यातून सुटलेले सोडियम, कॅल्शियम, मॅग्नेशियमचे क्षार पूर्वी पावसाच्या पाण्याबरोबर खाली खोल जाऊन बसत. कालवा आला, नदीवरून उपसा योजना आल्या, बारमाही ऊस आला आणि वरून दिलेलं जास्तीचं पाणी खाली साठत गेलं. भूजल जमिनीपासून दीड मीटरच्या आत आलं, की काळ्या मातीच्या बारीक छिद्रांतून ते दिव्याच्या वातीत तेल चढावं तसं वर चढतं. उन्हानं पाणी उडून जातं, मीठ वर राहतं. म्हणून पांढरा थर पावसाळ्यात दिसत नाही, उन्हाळ्यात दिसतो.

हे दुखणं नवं नाही. नीरा डावा कालवा १८८५ च्या सुमाराचा. त्यानंतर काही दशकांतच त्याच्या लाभक्षेत्रात चिबड, म्हणजे पाणी साचून दलदलीच्या झालेल्या, जमिनींची ओरड सुरू झाली. खडकवासल्याला आज जी केंद्रीय जल आणि विद्युत संशोधन संस्था आहे, तिची सुरुवात १९१६ साली मुंबई इलाख्याचा सिंचनाचा एक छोटा विभाग म्हणून झाली होती. शेतीला पाणी कसं द्यावं, हाच तिचा मूळ विषय. शंभर वर्षांपूर्वी ज्याच्यासाठी वेगळा विभाग काढावा लागला, ते आपण आजही ‘जमिनीचं नशीब’ म्हणून सोडून देतो, याचं मला वाईट वाटतं.

पहिली चूक: खारवट आणि चोपण एकच समजणं

पैसा सगळ्यात जास्त इथे वाया जातो. शेत पांढरं दिसलं, दुकानात गेलो, जिप्समची पोती आणली, फेकली. आम्हीही हेच केलं.

खारवट म्हणजे क्षारयुक्त जमिनीत विरघळणारं मीठ जास्त असतं. सामू (पीएच) साधारण ८.५ च्या आत, विद्युत वाहकता, म्हणजे रिपोर्टवरचा ईसी, ४ डेसिसायमन प्रति मीटरच्या वर. अशी माती वरून पांढरी आणि भुसभुशीत असते, पाणीही बऱ्यापैकी मुरतं. हिला जिप्सम लागत नाही. जिप्सम स्वतःच एक क्षार आहे. इथे लागतो निचरा आणि गोडं पाणी.

चोपण जमिनीत भानगड वेगळी. तिथे सोडियम मातीच्या कणांनाच चिकटून बसलेला असतो. सामू ८.५ च्या वर, विनिमययुक्त, म्हणजे असा चिकटलेला, सोडियम १५ टक्क्यांच्या वर, ईसी मात्र कमीही असू शकतो. ओली असताना लोण्यासारखी चिकट, वाळली की दगड. वरचा थर कधी कधी पांढरा नसून काळसर तेलकट दिसतो, कारण सेंद्रिय पदार्थ विरघळून वर येतात. पाणी दिलं की चार-चार दिवस सरीत उभं राहतं आणि वाफसा येतच नाही. जिप्सम हिच्यासाठी आहे.

तिसरी जात दोन्हींची सरमिसळ, क्षारयुक्त चोपण. तिच्याकडे पुढे येतो, कारण तिथला धोका सगळ्यात मोठा.

प्रयोगशाळेचा रिपोर्ट येईपर्यंत घरी एक गोष्ट करून बघा. काचेच्या ग्लासात पावसाचं किंवा बॅटरीत घालायचं डिस्टिल्ड पाणी घ्या आणि त्यात हरभऱ्याएवढं वाळलेलं ढेकूळ अलगद सोडा. ढवळू नका, ग्लास हलवूही नका. दोन तासांनी बघा, मग दुसऱ्या दिवशी सकाळी. ढेकूळ फुटून तळाशी बसलं आणि वरचं पाणी नितळ राहिलं, तर चिकटलेल्या सोडियमची शंका कमी. ढेकळाभोवती दुधासारखं गढूळ वलय पसरलं आणि सकाळीही पाणी निवळलं नाही, तर माती चोपण आहे असं समजून पुढची तपासणी करा. नळाचं किंवा बोअरचं पाणी मात्र वापरू नका. त्यातल्या क्षारांमुळे चोपण मातीही खाली बसते आणि फसगत होते.

रिपोर्ट चुकीचा वाचणं

मातीचा नमुना वरच्या सहा इंचांतून घेऊन पाठवला, की अर्धीच गोष्ट कळते. क्षारपड जमिनीत ० ते ३०, ३० ते ६० आणि ६० ते ९० सेंटिमीटर असे तीन थरांचे नमुने वेगवेगळ्या पिशव्यांत द्यावेत, तेही उन्हाळ्यात, खत टाकण्याआधी. वरचा पांढरा पापुद्रा त्यात मिसळू नका. हवा तर तो वेगळा द्या.

आणि आकड्याची एक मेख लक्षात ठेवा. पुस्तकातला ‘४ च्या वर म्हणजे खारवट’ हा ईसी संपृक्त अर्काचा, म्हणजे माती जेमतेम भिजेल एवढंच पाणी घालून काढलेल्या अर्काचा, असतो. मृदा आरोग्य पत्रिकेसाठी प्रयोगशाळा मात्र साधारणपणे एक भाग माती आणि अडीच भाग पाणी अशी मोजणी करतात. पाणी जास्त, म्हणून आकडा लहान येतो. भारी काळ्या मातीत संपृक्त अर्काचा आकडा त्याच्या सहज दुप्पट-तिप्पट निघतो. ‘माझा ईसी तर १.८ आहे, चारच्या आत’ असं म्हणून निर्धास्त बसलेले शेतकरी मी पाहिले आहेत. अडीच पट पाण्याच्या मोजणीत १ च्या आत असेल तरच निर्धास्त राहावं. रिपोर्ट कोणत्या पद्धतीचा, हे विचारूनच घ्या.

सुकलेलं पीक बघून पाणी वाढवणं

दुपारी पानं मान टाकतात, शेंडे आणि कडा करपतात, म्हणून रात्री मोटर जास्त वेळ चालवायची. मातीत तर ओल असते! मातीतल्या पाण्यात मीठ वाढलं, की मुळांना ते ओढून घ्यायला जड जातं. पाण्यात उभं राहून पीक तहानलेलं राहतं. वरून पाणी वाढवलं, की भूजल आणखी चढतं आणि मुळांना हवाही मिळत नाही.

बोअरचं पाणी देत असाल तर हा हिशोब एकदा वहीत मांडा. ईसी १ असलेल्या पाण्यात लिटरमागे अंदाजे ०.६४ ग्रॅम क्षार असतात. एका एकरात तीन इंच पाणी म्हणजे सुमारे तीन लाख लिटर. म्हणजे एका पाळीला जवळपास २०० किलो, चार पोती मीठ आपण आपल्या हातानं शेतात टाकतो. वर्षात पंचवीस पाळ्या झाल्या, की पाच टन. निचरा असेल तर ते खाली निघून जातं. नसेल तर कुठे जाणार? म्हणून मातीबरोबर पाणीही तपासा. त्या रिपोर्टमध्ये ईसीखेरीज उर्वरित सोडियम कार्बोनेटचा (आरएससी) आकडा बघा. तो २.५ च्या वर असेल, तर ते पाणी चांगली जमीनही हळूहळू चोपण करतं.

ठिबक केलं की प्रश्न मिटला, हाही समज अपुरा आहे. ठिबकनं पाणी वाचतं, भूजल चढत नाही, हे खरंच. पण मीठ ओलाव्याच्या कडेला जाऊन साठतं. वळवाची हलकी सर आली की कडेचं तेच मीठ विरघळून मुळांपाशी येतं. त्यामुळे अशा हलक्या पावसात ठिबक बंद करू नका, चालू ठेवा.

पिवळेपणाला युरिया

पान पिवळं दिसलं की युरियाची गोणी, असं आपल्या हाताला वळणच पडलंय. चोपण जमिनीत सामू चढा असल्यानं युरियातला बराच नत्र अमोनिया होऊन उडून जातो. पिवळेपणा पुष्कळदा लोहाचा किंवा जस्ताचा असतो. मातीत ते असूनही चढ्या सामूमुळे पिकाला मिळत नाही. अशा जमिनीत अमोनियम सल्फेट बरं, तेही थोडं थोडं विभागून. पोटॅशसाठी म्युरेटऐवजी सल्फेट ऑफ पोटॅश परवडत असेल तर ते घ्या, कारण म्युरेटमधून क्लोराइडची भर पडते. गुऱ्हाळ चालवणाऱ्यांना हे वेगळं सांगायला नको. क्षारपड उसाचा गूळ खारट लागतो आणि पावसाळ्यात पाझरतो.

निचऱ्याआधी धुणं, जिप्समआधी धुणं

माझ्या मते सगळ्यात महागात पडणारी चूक ही. ‘मीठ धुवून काढू’ म्हणून शेतात बांध घालून पाणी कोंडायचं. पण खाली पाण्याला वाटच नसेल, तर धुतलेलं मीठ भूजलात जातं आणि पुढच्या उन्हाळ्यात परत वर येतं.

क्षारयुक्त चोपण जमिनीत तर त्याहून वाईट होतं. तिथे विरघळलेल्या क्षारांमुळेच मातीचे कण एकमेकांना धरून असतात. जिप्सम न देता नुसतं गोडं पाणी सोडलं, की क्षार निघून जातात आणि चिकटलेला सोडियम मागे राहतो. मग कण सुटे होऊन छिद्रं बुजवतात. आमच्या तुकड्यात एका पावसाळ्यात हेच झालं. पांढरा थर गेला म्हणून आम्हाला आनंद झाला, आणि दिवाळीला नांगर जाईना. ढेकळं कुदळीनं फुटत नव्हती.

क्रम असा: आधी पाण्याला वाट, मग माती परीक्षणातून निघालेल्या गरजेइतकं जिप्सम, मग पाणी. जिप्सम बारीक दळलेलं असावं आणि वरच्या १० ते २० सेंटिमीटर मातीत मिसळावं. नुसतं फेकून ठेवलं तर उपयोग थोडा, खोल नांगरून गाडलं तर तोही नाही. जिप्सममधला कॅल्शियम सोडियमला हुसकावतो, सोडियम सल्फेट तयार होतं आणि ते पाण्याबरोबर बाहेर गेलं तरच काम झालं. चुनखडीच्या जमिनीत गंधकही चालतं, पण मातीतल्या जिवाणूंनी त्याचं आम्ल करायला काही आठवडे लागतात. जिप्समनंतर धैंचा हे हिरवळीच्या खताचं पीक पेरून ४५-५० दिवसांनी गाडला, तर माती मोकळी व्हायला चांगली मदत होते.

वरून तलावातला गाळ किंवा मुरूम टाकून जमीन ‘झाकण्याचा’ उपायही दिसतो. खालचं पाणी तसंच राहिलं, तर दोन-तीन उन्हाळ्यांत मीठ नव्या थरातून वर येतं.

निचरा एकट्यापुरता करणं

आपल्या शेतात चर काढला आणि तो शेजाऱ्याच्या बांधापाशी संपला, तर त्याचं डबकं होतं. पूर्वीचे ओढे-ओघळ आपण पिकाखाली घेतले, बुजवले, त्यावर रस्ते केले. ते मोकळे करणं हे निम्मं काम आहे. शिरोळ तालुक्यात दत्त साखर कारखान्याच्या पुढाकारानं शेकडो शेतकऱ्यांनी एकत्र येऊन जमिनीखाली सच्छिद्र पाईप टाकले. तिथल्या कामाचं खरं मोल पाईपपेक्षा त्या एकत्र येण्यात आहे, कारण मुख्य पाईप शेवटी कुणाच्या ना कुणाच्या वावरातून ओढ्यापर्यंत न्यावाच लागतो.

पाईपच्या कामात घाई झाली की या गोष्टी राहून जातात: उतार लेव्हल लावून न बघणं, पाईपवर गाळणीचं कापड न गुंडाळणं आणि ओल्या चिखलात खोदाई करणं. पाईप साधारण एक ते दीड मीटर खोल असतात. दोन ओळींतलं अंतर माती बघून ठरतं. शेजाऱ्यानं ठेवलं तेवढं आपण ठेवून चालत नाही.

पीकही लगेच ऊसच हवा असा हट्ट नको. संपृक्त अर्काचा ईसी १.७ च्या वर गेला की उसाचं उत्पादन दर एककामागे सुमारे सहा टक्क्यांनी घटतं. घेवडा १ लाच, तर कांदा १.२ ला हात टेकतो. गहू ६ पर्यंत आणि कापूस ७.७ पर्यंत तग धरतो. पहिली दोन वर्षं गहू, कापूस, धैंचा यांवर काढली तर जमिनीला उसंत मिळते.

सहा फूट लांबीचा, भोकं पाडलेला पीव्हीसी पाईप शेताच्या सखल कोपऱ्यात उभा गाडून ठेवा आणि दर पंधरवड्याला काठी घालून पाणी किती खोल आहे ते मोजा. निचऱ्याच्या तोंडाशी बाहेर पडणाऱ्या पाण्याचा ईसी वर्षातून दोनदा तपासा. ते पाणी खारट येतंय तोवर शेतातून मीठ निघतंय. त्या तोंडाला जाळी लावा, भोवती दगड रचा, आणि मृगाआधी एकदा जाऊन गाळ उपसा. पहिल्या पुरात ओढ्याचा गाळ शिरून पाईप बुजतो, तो याच तोंडातून.