गोल्डफिशच्या तोंडात खडा अडकलाय? आधी हातातला चिमटा खाली ठेवा

गोल्डफिशने खडा तोंडात घेतला म्हणून लगेच घाबरू नका, तो दिवसभर तेच करत असतो. तळातला खडा उचलायचा, तोंडात घोळवायचा, त्याला चिकटलेलं शेवाळ नाहीतर खाण्याचा कण काढून घ्यायचा आणि खडा थुंकून टाकायचा. त्याच्या टाळूला एक जाड मांसल गादी असते, ती खाणं धरून ठेवते आणि बाकीचं सोडून देते. जबड्यात दात नसतात, दात असतात ते आत घशात. गडबड होते ती खडा नेमका तोंडाच्या मापाचा असला की. आत जाताना सरळ जातो आणि आत गेल्यावर आडवा फिरतो, मग ना घशातून पुढे सरकत ना ओठातून बाहेर येत.

मी गोव्यात फोंड्याला राहतो, घरात टाक्या आहेत त्याला वीसेक वर्षं झाली. ओळखीत कुणाच्या माशाच्या तोंडात खडा अडकला की फोन मला येतो, आणि दर वेळी वाईट याचं वाटतं की फोन येईपर्यंत कुणीतरी चिमटा घालून बघितलेला असतो. ते टाळावं म्हणून हे सगळं नीट लिहून काढतोय.

आधी खडाच आहे का ते बघा

सगळेच मासे वर येऊन तोंड उघडझाप करत असतील तर तो खडा नव्हे, पाण्यात हवा कमी आहे किंवा माशांच्या घाणीतून होणारा अमोनिया वाढलाय. तिसरा हिस्सा पाणी बदला आणि एअर पंप वाढवा. एकच मासा, तोंड गोल उघडं राहिलेलं, मिटतच नाही, मधेच डोकं झटकतोय, खाणं समोर आलं तरी घेत नाही, असं असेल तर मोबाईलचा टॉर्च समोरून तोंडात मारा. रंगीत खडा लगेच दिसतो. काळा किंवा तपकिरी पटकन दिसत नाही, तेव्हा गळ्याखाली एका बाजूला फुगवटा आहे का ते बघा.

मग थांबा, पण गोव्याच्या हिशोबाने थांबा

बहुतेक खडे आपोआप सुटतात. रात्री तोंड वासून फिरणारा मासा सकाळी बघावं तर तोंड मिटून तळ हुंगत असतो, हे मी कितीतरी वेळा बघितलंय. तेव्हा थांबणं ही पहिली ट्रीटमेंट. पण इंटरनेटवर जे बिनधास्त लिहिलेलं असतं ना, २४ तास थांबा, ४८ तास थांबा, ते थंड मुलखातल्या लोकांनी आपापल्या टाकीकडे बघून लिहिलंय. २० डिग्रीच्या पाण्यात जास्तीत जास्त ९ मिलिग्रॅमच्या आसपास ऑक्सिजन मावतो, लिटरमागे. आपल्याकडे एप्रिल-मे मधे टाकीचं पाणी ३० वर जातं, तिथे तोच साडेसातवर येतो, आणि गरम पाण्यात माशाला ऑक्सिजन लागतोही जास्त. त्यात मासा श्वास घेतो तो तोंड उघडून-मिटून पाणी कल्ल्यांकडे ढकलूनच, तोंड मिटलं नाही की तो पंपच अर्धा बंद पडतो. म्हणून माझा नियम असा: डिसेंबर-जानेवारीत मासा सरळ पोहत असेल तर रात्रभर थांबायचं, मे महिन्यात दोन-तीन तास, आणि तो कलंडायला लागला, तळाला पडून राहिला किंवा कल्ल्यांची झाकणं जोरजोरात हापसायला लागली तर अजिबात थांबायचं नाही.

थांबताना लाईट बंद, खाणं बंद, दुसरा एअर स्टोन, म्हणजे पंपाच्या नळीला लावतात तो बुडबुड्यांचा दगड, चालू. टाकीत कसलंही औषध टाकू नका, दगडावर औषध चालत नाही.

खडा काढणं

इथेच मासे मरतात, म्हणून इथे वेळ घेतो.

माझा पहिला ओरांडा, म्हणजे डोक्यावर टोपीसारखा फुगवटा असलेला गोल्डफिश, मीच घालवला. पाच वर्षांचा होता, लाल टोपीचा, चवळीच्या दाण्याएवढा पांढरा खडा दोन ओठांच्या मधे स्पष्ट दिसत होता. इतका दिसतोय म्हणजे सहज निघणार असं वाटलं आणि भुवया कोरायचा टोकदार चिमटा घेतला. गुळगुळीत ओल्या दगडावर चिमट्याची पकड बसत नाही, तो घसरतो, आणि घसरला की दगड बाहेर येत नाही, आतच जातो. तीन वेळा घसरला. चौथ्या वेळी मी ओढलं तेव्हा पकडीत दगड नव्हता, ओठाची कड होती. खडा तेवढा राहिला आतच, आणि तिसऱ्या दिवशी मासा गेला. त्याच्या ओठाची ती फाटलेली पांढरी कड मला अजून आठवते.

पुढे म्हापशाच्या एका जुन्या दुकानदाराने हाताने कसं काढायचं ते समोर करून दाखवलं, आणि त्यानंतर मी चिमटा जवळजवळ सोडूनच दिला. पद्धत अशी.

एका टबात टाकीतलंच पाणी घ्या. नळाचं नको, पावसात आमच्याकडे नळाला येणाऱ्या ओपा प्रकल्पाच्या पाण्याला क्लोरीनचा वास मारतो तेव्हा तर नकोच नको. हात कोपरापर्यंत धुवून ओले ठेवा, साबणाचा अंश नको, कोरड्या हाताने माशाच्या अंगावरचा बुळबुळीत थर निघून येतो आणि मग फंगस धरतं. दुसरं माणूस जवळ हवं, टॉर्च धरायला.

मासा डाव्या हाताच्या तळव्यावर घ्या, पाण्याखालीच, डोकं उताराला म्हणजे तोंड खाली. दाबू नका, नुसतं कोंडून ठेवा, तो दोन-चारदा फडफडेल आणि शांत होईल. आता उजव्या हाताची पहिली दोन बोटं त्याच्या गळ्याखाली न्या. खालच्या जबड्याच्या मागे, दोन्ही कल्ल्यांच्या झाकणांच्या पुढच्या टोकाला एक मऊ जागा लागते, आत खडा असला तर तो बोटाच्या पोटाला कडक लागतोच. त्या खड्याच्या मागे बोट न्यायचं आणि मागून पुढे, ओठाच्या दिशेने, हळू सरकवत आणायचं. टूथपेस्टची ट्यूब संपत आली की आपण मागून जसं सरकवतो तसं, पण त्याच्या निम्म्या जोराने. त्याच वेळी अंगठ्याने खालचा ओठ किंचित खाली ओढा. गोल्डफिशचं तोंड नळीसारखं पुढे येतं, ते पुढे आलं की आत जागा होते आणि आडवा बसलेला खडा फिरतो. फिरला की काम झालं. टबाच्या तळाला टिक् असा आवाज येतो, तो आवाज ऐकायला मी आजही कान लावून बसतो.

जास्त मागे दाबू नका. माशाचं हृदय कल्ल्यांच्या लगेच मागे, गळ्याखालीच असतं. खडा लागला नाही म्हणून मागेमागे चाचपत गेलात तर तुम्ही हृदयावर दाब देताय. आणि कल्ल्याच्या झाकणातून काडी, टूथपिक वगैरे घालून खडा पुढे ढकला असा सल्ला कुणी दिला तर तो मुळीच ऐकू नका. त्या लाल झालरी इतक्या नाजूक असतात की काडी लागली तर रक्त येणारच.

पाण्याबाहेर उचलायची वेळ आलीच तर एका वेळी वीस-तीस सेकंद, मग परत पाण्यात, दोन-तीन मिनिटं श्वास घेऊ द्या. तीन वेळा करून नाही निघाला तर तासभर सोडा. तिसऱ्या प्रयत्नानंतर आपला धीर सुटतो आणि हात जड होतो, हे मी स्वतःच्या हाताबद्दल सांगतोय.

चिमटा कधी? खडा अर्धा ओठाबाहेर आलाय आणि त्याच्या दोन्ही कडा दिसतायत, तेव्हाच, आणि तोही चपट्या बोथट टोकाचा. अडतोय असं वाटलं की सोडायचा. लवंगतेलाने मासा बेशुद्ध करून काढता येतो हे खरं आहे, डॉक्टर करतातही, पण मात्रा थोडी चुकली तर मासा उठत नाही, म्हणून घरी करा असं मी कुणालाच सांगणार नाही. हाताने निघत नाही आणि मासा दमत चाललाय तर मासे बघणारा व्हेट शोधा. नेताना जाड प्लास्टिकच्या पिशवीत एक तृतीयांश पाणी आणि बाकी हवा.

गेल्या मे मधे शेजारच्या वहिनींच्या मुलाने रडतच हाक मारली, काका लवकर या. गेलो तर लाईट नव्हती, पंप बंद, पाणी कोमट आणि मासा एका कुशीवर. आधी मगाने टाकीतलंच पाणी वरून ओतत राहायला लावलं मुलाला, दहा मिनिटं, तेवढ्यानेही पाण्यात हवा जाते. मग टबात घेतला. दुसऱ्या प्रयत्नात निळा खडा निघाला, तूरडाळीपेक्षा जरा मोठा. तोंड मात्र तसंच उघडं राहिलं आणि सगळ्यांना वाटलं अजून एक आहे आत. नव्हता. खूप वेळ ताणलेला जबडा मिटायला वेळ घेतो, अर्धा दिवस, कधी पूर्ण दिवस. तेव्हा खडा निघाल्यावर टॉर्चने एकदा बघा आणि बोटं परत घालू नका.

निघाल्यानंतर

एक दिवस खाणं नाही, पाणी स्वच्छ, लाईट मंद. ओठ सोलवटला असेल तर वेगळ्या टबात १० लिटरला १० ग्रॅम साधं मीठ, चार-पाच दिवस, रोज थोडं पाणी बदलून.

खडा पोटात गेला असेल तर

बारीक वाळू शीच्या वाटे निघून जाते. गोल्डफिशला जठर नसतं, घशातून सरळ लांब आतडं, त्यामुळे मोठा खडा गेला तर तो आतड्यातच अडतो. पोट एका बाजूला फुगणं, दोन-तीन दिवस शी न होणं, डोकं खाली-शेपूट वर असं पोहणं, ही लक्षणं. दोन दिवस उपाशी ठेवा, मग उकडलेला वाटाणा, साल काढून. मेडिकलमधे एप्सम सॉल्ट मिळतं, ४ लिटर पाण्यात एक चहाचा चमचा, त्यात १५ मिनिटं, दिवसातून एकदा, तीन दिवस. पोट दाबून काढायला जाऊ नका. फरक नाही पडला तर व्हेटकडून एक्स-रे, दगड त्यात स्पष्ट दिसतो. खवले उभे राहिले असतील तर तो खड्याचा विषय नाही, दुसरा आजार आहे.

खडे बदला

दुकानात गोल्डफिशसोबत जे रंगीत खडे गळ्यात मारतात, ३ ते ५ मिलिमीटरचे, नेमकं तेच सगळ्यात धोक्याचं माप. एक तर बारीक वाळू ठेवा, एक मिलिमीटरच्या आतली, नाहीतर माशाच्या डोक्यापेक्षा मोठे गोटे. माझ्या गोल्डफिशच्या टाकीत तळ उघडा आहे, दोन मोठे गोटे आणि कुंडीतली रोपं, बाकी काही नाही. समुद्रावरची वाळू आणू नका, मिरामारची असो की मोरजीची, तिच्यात शिंपल्यांचा चुरा असतो, तो विरघळत राहतो आणि पाणी जड होत जातं.

चवथीला, म्हणजे गणेश चतुर्थीला, गावच्या घरी गेलात तर चार दिवस मासा उपाशी राहील, त्याने काही बिघडत नाही, पण उपाशी मासा खडे जास्त उपसतो. म्हणून जुने खडे काढायचे असतील तर चवथीच्या आधीच काढा. मात्र एकदम सगळे नको, पाणी स्वच्छ ठेवणारे जिवाणू त्याच खड्यांवर असतात. आज अर्धे, दोन आठवड्यांनी उरलेले, आणि त्या दोन्ही दिवशी फिल्टरला हात लावायचा नाही.