यानिस स्त्रेइच्स नाशिककरांना दाखवायचे तर

लाटवियाचे दिग्दर्शक यानिस स्त्रेइच्स (जन्म 1936) आपल्याकडे फारसे कुणाला माहीत नाहीत. फिल्म क्लबात त्यांची ओळख करून द्यायची असेल तर सुरुवात 1981च्या 'लिमुझीन्स यान्यू नक्त्स क्रासा'नेच करा. खेड्यातल्या म्हातारीला लॉटरीत मोटार लागते आणि एरवी न फिरकणारे नातेवाईक सेवेला हजर होतात. ही गोष्ट सिन्नर-निफाडकडच्या माणसाला समजावून सांगावी लागत नाही. दोनच गोष्टी आधी सांगा. सोव्हिएत काळात खिशात पैसे असूनही मोटारीसाठी वर्षानुवर्षं नंबर लागत नसे. आणि नावातली यानी-रात्र म्हणजे 23 जूनची: शेकोट्या, ओकच्या पानांचे मुकुट, बिअर, चीज, रात्रभर गाणी. त्या गाण्यांत पुन्हा पुन्हा येणारं 'लीगो' तसंच ठेवा, भाषांतर करू नका.

त्यानंतर 1975चा 'मान्स द्राउग्स – नेनोपिएत्न्स त्सिल्वेक्स' हा विनोदी सिनेमा, मग 1978चा 'थिएटर'. 1991चा 'त्सिल्वेका बेर्न्स' शेवटी ठेवा. तो पूर्व लाटवियातल्या लाटगेलियन बोलीत आहे, म्हणून सबटायटल्स अहिराणीत करायचा मोह होईल. कळवण-सटाण्यात ते चालेल, पण नाशिक शहरात अर्धे प्रेक्षक वाचतानाच अडखळतील.

सगळी मेहनत सबटायटल्सवर घ्या. इंग्रजीवरून मराठी केलंत तर 'तू' आणि 'तुम्ही' यांतला फरक हरवतो, आणि या सिनेमांतली लाडीगोडी नेमकी तिथेच असते. म्हणून आवाज नीट ऐका: लाटवियनमधलं एकेरी 'तू' आपल्या 'तू'सारखंच ऐकू येतं, आदरार्थी 'यूस'. नात्यांचा तक्ता आधी कागदावर काढा, नाहीतर पहिल्या प्रसंगातली काकू तिसऱ्या प्रसंगात मावशी होते.

एका वेळी दोनच ओळी, ओळीत सहा-सात शब्द. पडद्यावर किमान एक सेकंद, जास्तीत जास्त सात. बोलणारा मध्ये थांबला की सबटायटलही तोडा. वाक्याचा शेवट आधीच दिसला तर हशा नटाच्या आधी येतो आणि पुढचा संवाद बुडतो.

सबटायटल्स सुरुवातीला जुळतात आणि हळूहळू मागे पडतात, याचं कारण बहुधा फ्रेम रेट, म्हणजे सेकंदाला किती चित्रं दिसतात तो आकडा. 24ची फाइल 25च्या व्हिडिओला लावली तर दीड तासाच्या सिनेमात शेवटी साडेतीन मिनिटांचा फरक पडतो. 'सबटायटल एडिट' या सॉफ्टवेअरमध्ये फ्रेम रेट बदला, नुसतं पुढे-मागे सरकवून भागणार नाही. पहिल्यापासून सारखाच उशीर असेल तरच सरकवा. फाइल यूटीएफ-8 या अक्षरं साठवण्याच्या पद्धतीत सेव्ह करा, नाहीतर अक्षरांऐवजी चौकोन किंवा प्रश्नचिन्हं दिसतात. जोडाक्षरं तुटत असतील तर प्लेअर बदला. तरीही तुटली तर सबटायटल्स व्हिडिओतच पक्की करून घ्या.

प्रत आणि सबटायटल्स, दोन्हींची परवानगी लेखी हवी. विचारणा लाटवियाच्या नॅशनल फिल्म सेंटरपासून सुरू करा. कुसुमाग्रज स्मारकात करा नाहीतर कॉलेजच्या हॉलमध्ये, चाचणी आदल्या दिवशी त्याच प्रोजेक्टरवर घ्या आणि शेवटच्या रांगेतून वेलांट्या-अनुस्वार वाचता येतात का ते बघा.