दरखास्त आली, तडजोडही झाली. नोंद केली का?

सोलापूरच्या दिवाणी कोर्टातून दरखास्तीची, म्हणजे निकालाप्रमाणे वसुली करून मागणाऱ्या अर्जाची, नोटीस आली की आधी हुकूमनाम्याची (कोर्टाच्या त्या निकालाची) नक्कल काढा. व्याज किंवा आधीचा भरणा जुळत नसेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 47 खाली हरकत घ्या. मूळ कर्जच खोटं, हा वाद इथे चालत नाही, त्याला अपील. कारागिराची अवजारं त्याच संहितेच्या कलम 60 प्रमाणे जप्त होत नाहीत, त्यामुळे पोट हातमागावर असेल तर लगेच तसा अर्ज द्या.

बाहेर तडजोड केलीत तर खरी गोची पुढेच. पैसे बँकेतूनच द्या, लेखी घ्या आणि आदेश 21 नियम 2 खाली 30 दिवसांत कोर्टात नोंदवा. समोरचा ‘नोंदवतो हो’ म्हणतो, पण विसंबू नका. नोंद नसलेला भरणा दरखास्तीत धरतच नाहीत आणि जप्ती पूर्ण रकमेची निघते.