उशिराचं अपील आणि अडलेली स्थगिती

जिल्हा न्यायालयात दिवाणी अपिलाची मुदत 30 दिवस. नुसतं अपील केल्याने हुकूमनाम्याची, म्हणजे खालच्या कोर्टाच्या निर्णयाची, अंमलबजावणी थांबत नाही. अपील उशिराचं असेल तर विलंबाचा निकाल लागेपर्यंत स्थगितीही सहसा मिळत नाही. म्हणून माझ्या पक्षकाराच्या उशिरा झालेल्या अपिलात आधी विलंब माफीच्या अर्जावर जोर दिला.

निकालाच्या प्रमाणित नकलेमागचा तारखांचा शिक्का तपासला. नकलेचा अर्ज केल्यापासून नक्कल तयार होईपर्यंतचे दिवस मुदत कायदा, 1963 च्या कलम 12 खाली वजा होतात. तयार नक्कल उचलली नाही, तर ते दिवस मात्र अंगावर पडतात. उरलेल्या काळाचं कारण प्रतिज्ञापत्रात तारखेनिशी लिहिलं, दवाखान्याचे कागद जोडले. ‘गैरसमजामुळे उशीर’ एवढंच लिहिणं म्हणजे पक्षकाराला वाऱ्यावर सोडणं.

विलंब माफ झाल्यावर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 41, नियम 5 खाली मोठं नुकसान दाखवून, हमी म्हणून जामीन देऊन स्थगिती मिळाली.