चवीची जादूची वही कशी करावी

लहानपणी मला एक वही हवी होती. पान उघडलं की मोहरी तडतडेल, वास सुटेल आणि पानाला बोट लावून चाटलं की आत्याच्या हातची कटाची आमटी! तशी वही अजून कुणी विकायला काढलेली नाही. पण तिच्या बरीच जवळ जाणारी वही घरी करता येते.

वही शिवलेल्या बांधणीची आणि जाड कागदाची घ्या. लिहायला पेन्सिल, कारण ओलं बोट लागलं की जेल पेनची शाई पसरते. डावं पान मोजमापांचं, उजवं जिभेचं आणि नाकाचं. सुरुवात एकाच पदार्थापासून करा. मी होळीच्या आमटीपासून केली.

आधी डावं पान. ज्यांच्या हाताला चव असते त्यांना प्रमाण विचारून काही हाती लागत नाही. “आत्या, गूळ किती घातलास गं?” “अगं, चिमूटभर. अंदाजानं घालायचं.” हातात चमचा देऊन मोजायला लावलं तर त्यांचा हात बिचकतो आणि त्या दिवशीची आमटी नेमकी बिघडते. म्हणून मी एक चोरटा उपाय केला. गुळाचा डबा, मिठाची बरणी, मसाल्याचा डबा, तेलाची बाटली, सगळं आदल्या रात्री काट्यावर तोलून ठेवलं. आमटी झाल्यावर पुन्हा तोललं. जेवढं वजन कमी भरलं तेवढं आमटीत गेलं. चार माणसांच्या आमटीत गूळ २२ ग्रॅम, गोडा मसाला ७, मीठ ११. बावीस ग्रॅमची चिमूट! हिंगासारखं काही काट्याला कळत नाही, तिथे सरळ “मुगाच्या दाण्याएवढा” असं लिहा. मीठ जाडं की बारीक तेही लिहाच. एकाच चमच्यात बारीक मीठ जास्त मावतं.

घरातल्या जुन्या कागदावर पावशेर, मापटं, चिपटं सापडलं तर सांभाळून. ८० तोळ्यांचा शेर धरला तर पावशेर सुमारे २३३ ग्रॅम होतो, पण शेर गावोगाव वेगळा असायचा. मापटं-चिपटं तर भरून मोजायची मापं, त्यामुळे डाळीचं मापटं आणि पोह्यांचं मापटं वजनाला एक नसतं.

आता उजवं पान. खरी जादू इथे आहे, म्हणून इथे घाई नको. एक प्रयोग करा: नाक चिमटीत धरून वेलदोड्याचे दोन दाणे चावा. थोडं कडवट, थोडं चरचरीत, बस्स. नाक सोडलं की वेलदोडा येतो. आपण ज्याला चव म्हणतो त्यातला मोठा वाटा नाकाचा असतो. म्हणून जिभेचं आणि नाकाचं वेगवेगळं लिहायचं.

जिभेसाठी सहा रकाने: गोड, आंबट, खारट, तिखट, कडू, तुरट. संस्कृत नावं लिहायचा मोह टाळा; तिथे कटु म्हणजे तिखट आणि तिक्त म्हणजे कडू, आणि वर्षभरानं आपलाच गोंधळ होतो. सुका जवळा, सुकट करणाऱ्यांनी त्यांच्या खास चवीसाठी सातवा रकाना आखावा. जपानी रसायनशास्त्रज्ञ किकुनाए इकेदा यांनी १९०८ साली समुद्री शेवाळाच्या सारातून शोधलेली उमामी ती हीच. प्रत्येक रकान्यात नुसतं “कमी-जास्त” नको. काय आधी आलं, काय मागे रेंगाळलं ते लिहा. आत्याच्या आमटीत चिंच आधी येते, गूळ घोट गिळल्यावर.

नाकासाठी “खमंग” हा शब्द वहीत बंद. कशासारखा वास, ते लिहा. दगडफूल कोरडं हुंगलं तर फारसं काही सांगत नाही, गरम तेलात पडलं की बोलतं. माझ्या वहीत त्यापुढे “पावसात भिजलेली लाकडाची वखार” असं आहे. दगडफुलाची बटर पेपरची पुडी पानाला चिकटवली तर छानच. भाजलेलं खोबरं मात्र चिकटवू नका. मी चिकटवलं होतं. ते खवट झालं आणि वहीला मुंग्या लागल्या. त्याऐवजी रंगीत पेन्सिलीनं खोबऱ्याचे दोन रंग भरून ठेवा: कढईतून काढतानाचा आणि पाच मिनिटांनंतरचा. तापलेल्या कढईत खोबरं राहिलं तर पुढे काळपटतच जातं, म्हणून काढतानाचा रंग महत्त्वाचा.

उकळती आमटी पळीतून चाखून नोंद करू नये, जीभ भाजते आणि अंदाज चुकतो. बशीत ओतून, कोमट झाल्यावर चाखा. दुसरी नोंद दुसऱ्या दिवशी सकाळी, कारण शिळी आमटी वेगळीच लागते.

शेवटी वही दुसऱ्याच्या हाती द्या आणि आपण त्या स्वयंपाकघरात जाऊ नका. तो जिथे अडेल तिथेच नोंद कच्ची आहे. मी भाचीला दिली. परत आली तेव्हा “मंद आचेवर दहा मिनिटं” याखाली तिनं लिहिलं होतं: “मावशी, मंद म्हणजे किती? माझ्याकडे इंडक्शन आहे.” मी ती ओळ खोडली आणि लिहिलं: “कडेनं बारीक बुडबुडे, मध्ये उकळी नाही, वर तेलाचा तवंग जमेपर्यंत.”