दावा 'वजा' झाला? या चुका टाळा

बेळगाव भागातल्या एका तालुका कोर्टात वकिलांचा कारकून म्हणून माझी बावीस वर्षं गेली. गैरहजेरीत दावा डिसमिस झाल्याचे कागद घेऊन येणाऱ्यांचं पहिलं वाक्य ठरलेलं असतं: "वकील दिलाय न्हवं, मग आम्ही कशाला यायचं?"

नंदगडकडच्या एका काकांचा बांधावरच्या वाटेचा दावा होता. रोपलावणीच्या घाईत दोन तारखा चुकल्या. तिसरीला त्यांचे वकील दुसऱ्या कोर्टात अडकले, समोरचे मात्र हजर. पुकारा झाला, कोणी ओ दिली नाही, दावा गेला. वकिलांकडच्या पोरानं फोनवर कन्नडात सांगितलं, "केस वजा आगिदे." काकांना वाटलं, फीतून काहीतरी वजा केलं! खूश होऊन फोन ठेवला. कन्नडात वजा म्हणजे फेटाळला, हे कळेपर्यंत दिवाळी उलटली होती.

दावा परत फायलीवर घ्यायच्या अर्जाची मुदत ३० दिवस, आणि ती डिसमिस झालेल्या दिवसापासून मोजतात, तुम्हाला कळलं त्या दिवसापासून नाही. उशीर झाला की मुदत कायद्याच्या कलम ५ खाली विलंब माफीचा अर्ज वेगळा. काकांच्या पुतण्यानं कुणाच्या तरी जुन्या अर्जावरून "तब्येत बरी नव्हती" असं उतरवून आणलं होतं. डॉक्टरची चिठ्ठी कुठाय? नाही. ते फाडायला लावलं आणि 'वजा'ची खरी हकीकत तारखांसकट प्रतिज्ञापत्रात घातली. खर्च भरून दावा परत लागला. उसनी कारणं मला चालत नाहीत. उलटतपासात ती दोन प्रश्नांत गळून पडतात.

"जाऊ दे, नवा दावा घालू" ही दुसरी घाई. दोन्ही बाजू गैरहजर असतील तर दाव्याच्या मूळ मुदतीत नवा दावा घालता येतो. पण प्रतिवादी हजर, वादी नाही, अशा वेळी दावा गेला असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ९, नियम ९ प्रमाणे त्याच कारणावर नवा दावा चालत नाही. तिथं जुनाच उठवावा लागतो. हे ऐकून घ्यायला नव्या पोरांना दम नसतो.

समन्स बजावणी न होता परत आलं तर ७ दिवसांत नव्या समन्ससाठी अर्ज द्या. पक्षकार वारला तर वारस लावायला ९० दिवस. मोबाईल नंबर बदलला तर वकिलांना त्याच दिवशी कळवा.

केसचा सोळा अक्षरी सीएनआर नंबर (म्हणजे प्रत्येक केसचा वेगळा ओळख क्रमांक) मी फायलीच्या पुठ्ठ्यावर मार्करनं लिहून ठेवतो आणि आदल्या संध्याकाळी ई-कोर्ट्स ॲपवर तारीख बघतो. बघायचं म्हणजे स्वतः. गावच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर कुणी टाकलेला स्क्रीनशॉट नव्हे. काकांनी आता भिंतीवरच्या कॅलेंडरवर तारखेला लाल गोल करायला सुरुवात केलीय, आणि मला कन्नड शब्द विचारायला दर आठवड्याला फोन येतो.